खंबिर: लडाखी चुलीपाशी बसून शिकलेला पाव

उंबरठ्याबाहेर (धागाकर्ती)

लडाखवर इथे धाग्यांना तोटा नाही. पँगाँगला कधी जावं, खारदुंग ला ही खिंड किती उंच, उंचीच्या त्रासाची गोळी आधी घ्यावी की नंतर, यावर शे-दोनशे प्रतिसाद सहज पडतात. तिथल्या घरात रोज काय भाजलं जातं यावर मात्र शोधूनही काही मिळालं नाही. म्हणून हा उपद्व्याप.

मी आणि माझी धाकटी बहीण यंदा जुलैअखेर शाम भागात होतो. लेहहून श्रीनगरच्या रस्त्याने सिंधूच्या काठाकाठाने खाली उतरत गेलं की निमू, बाझगो, सासपोल, नुरला अशी गावं लागतात. नुरलापाशी उजवीकडे आत वळलं की तेमिसगाम. उंची लेहपेक्षा कमी, ३२०० मीटरच्या आसपास, त्यामुळे इथे गहू होतो, जर्दाळू होतो, सफरचंद होतं. इतिहासवाल्यांसाठी: १६८४ चा लडाख-तिबेट तह याच गावातला. आम्ही एका घरात उतरलो होतो. कुटुंबाचं नाव देत नाही, त्यांना विचारलेलं नाही. घरात आबी-ले म्हणजे आजी, आमा-ले म्हणजे घरधनीण, तिचा नवरा, मुलगा, सून आणि शाळेत जाणारी नात. मला सून ‘आचे-ले’ म्हणायची, म्हणजे ताई. मागे ‘ले’ लावल्याशिवाय तिथे कुणी कुणाला हाक मारत नाही.

खंबिर म्हणजे गव्हाच्या कणकेचा आंबवलेला, बोटभर जाड, तळहातापेक्षा थोडा मोठा गोल पाव. वरून कडक, तपकिरी, मध्येमध्ये राखेचे डाग. आतून दाट आणि किंचित आंबूस. मैदा नाही, तेल-तूप नाही, साखर नाही. सकाळी लोणी आणि मिठाच्या गुरगुर चहाबरोबर खातात, जर्दाळूच्या जॅमबरोबर खातात, शेतावर जाताना गाठोड्यात बांधून नेतात.

पहिल्या संध्याकाळी मी आमा-लेला म्हटलं, मला हे शिकवाल का? ती हसली आणि मला जर्दाळूंच्या बिया काढायला बसवलं. मला वाटलं विषय टाळला. तसं नव्हतं. जर्दाळू फोडून छपरावर वाळत घालायचे दिवस होते, घरात एकही रिकामा हात परवडणारा नव्हता. आणि कणीक रात्रीच भिजते, त्याआधी शिकवण्यासारखं काही नव्हतंच.

जेवणं झाल्यावर तिने परात ओढली. पिठाच्या डब्यात कोपऱ्यात पुरून ठेवलेला मागच्या कणकेचा गोळा काढला. तो बाहेरून वाळून कवचासारखा झाला होता. कोमट पाण्यात कुस्करून त्याचं ताकासारखं पाणी केलं, त्यात मीठ, मग कणीक. मोजमाप विचारलं तर हात दाखवला. कणीक पोळीच्या कणकेपेक्षा घट्ट, पुरीच्या कणकेपेक्षा सैल. मळून झाल्यावर भांड्यावर फडकं, त्यावर जुनी शाल, आणि सगळं चुलीच्या मागच्या कडेला, जिथे रात्रभर ऊब राहते तिथे.

आता चुलीबद्दल, कारण सगळी मेख तिथे आहे. लडाखी स्वयंपाकघर हेच घरातलं मुख्य दालन. भिंतीला फळ्या, त्यावर पितळी-तांब्याची भांडी ओळीने. मधोमध किंवा एका भिंतीशी चूल, तिला थाप म्हणतात. बसायचं जमिनीवर, समोर बुटकं मेज, आणि बसण्याचा क्रम वयामानाने ठरलेला. चुलीत देवाचा वास असतो असं मानतात, त्यामुळे तिच्यात कचरा टाकायचा नाही, दूध उतू जाऊन निखाऱ्यावर पडू द्यायचं नाही. माझ्या बहिणीने चॉकलेटचा कागद चुलीकडे नुसता नेला तर नातीने झडप घालून हातातून काढून घेतला.

जळण काय? शेणाच्या गोवऱ्या, आणि विलो-पॉपलरच्या छाटलेल्या फांद्या. लडाखमध्ये जंगल नाही. जी झाडं दिसतात ती माणसांनी लावून, कालव्याचं पाणी देऊन जगवलेली. तेव्हा लाकूड हे घर बांधायला, आणि उरलंसुरलं चुलीला. गॅस आता घरोघरी आहे, एरवी चहा त्यावरच होतो, पण खंबिरसाठी चूल लागतेच.

पहाटे आमा-लेने आधी चूल पेटवली ती पाण्यासाठी. गुरांच्या आंबोणाचं पाणी, अंघोळीचं पाणी, चहा. आग धडधडत असताना खंबिरला हातही लावला नाही. एव्हाना कणीक दीडपट फुगली होती, दुप्पट नाही. तिने पुन्हा थोडी मळली, गोळे केले, तळहातांवर थापून जाड चकत्या केल्या आणि फडक्याखाली ठेवल्या. आग बसायला लागल्यावर जाड लोखंडी तवा. कोरड्या तव्यावर एकेक चकती, दोन्ही बाजूंनी, नुसती कातडी धरेपर्यंत. आत कच्चीच. मग तवा बाजूला, निखारे चुलीच्या तोंडाशी ओढून घेतले, आणि या अर्ध्या भाजलेल्या चकत्या निखाऱ्यांभोवती कडेवर उभ्या केल्या. पाठीला पाठ लावून. दर थोड्या वेळाने चक्रासारख्या फिरवायच्या. शेवटी दोन-तीन थेट निखाऱ्यावर आडव्या. काढल्या की फडक्याने राख झटकायची, बोटाने टिचकी मारायची. पोकळ आवाज आला की झाली. भद्द आवाज आला की परत आत.

माझ्या लक्षात आलेली गोष्ट एवढीच, की हा पाव उरलेल्या विस्तवावर होतो. त्याच्यासाठी वेगळी आग कुणी पेटवत नाही. पाणी तापवून, चहा करून जो आर उरतो त्यात तो बसतो. जाडी, दोनदा भाजणं, घट्ट कणीक, सगळं त्या हिशोबाने आहे. भट्टी तापवायची चैन जिथे नाही तिथला हा पाव. हवा इतकी कोरडी की बुरशी धरत नाही, म्हणून एकदा भाजून तीन-चार दिवस खायचा. शिळा झाला की चहात बुडवायचा.

माझ्या चकत्या कडेला पातळ आणि मध्ये जाड होत होत्या. पोळी लाटणारा हात, त्याला कड पातळ करायचीच सवय. आबी-ले चुलीशेजारी जपमाळ ओढत बसलेली असे, ती दर वेळी माझी चकती उचलायची, कड दोन बोटांनी आत दाबायची आणि परत ठेवायची. माळ थांबायची नाही.

प्रमाण हवं असेल तर पुढे प्रतिसादात देते. फोटो चुलीपाशी काढले नाहीत, छपरावरच्या जर्दाळूंचे आहेत.

---

दादरचा_डबा

वाखुसा (वाचनखूण साठवली). खूप दिवसांनी भटकंती विभागात तळ्याचा रंग नसलेला धागा आला. पण एक शंका. लेहच्या बाजारात जामा मशिदीमागे जी गल्ली आहे, सकाळी सकाळी तंदूरमधून गरम रोट्या काढतात, हीच खंबिर ना? आम्ही कागदात गुंडाळून भरपूर खाल्ल्या होत्या.

---

उंबरठ्याबाहेर

नाही. ती गल्ली काश्मिरी पद्धतीच्या बेकरीवाल्यांची. जमिनीतला तंदूर, त्याच्या आतल्या भिंतीला चिकटवून भाजलेली रोटी. ती पुरुषांनी दुकानात करायची आणि विकत घ्यायची गोष्ट. खंबिर घरात होते, आणि मी पाहिलं तिथे बायकाच करतात. दोन्ही चांगल्या, पण घराणी वेगळी. लेहमधली काही हॉटेलं खंबिर सँडविच वगैरे देतात, ती घरच्याइतकी जाड नसते आणि बहुतेक वेळा नुसत्या तव्यावरची असते. राखेचा वास नाही आला तर समजायचं.

---

वऱ्हाडी_ठेचा

ताई, हे वाचून मला आमच्या गावचे रोडगे आठवले. गोवऱ्यांचा जाळ करायचा, तो बसू द्यायचा, आणि मग त्या आरात कणकेचे गोळे पुरायचे. वरून राख. आमची आजी पण टिचकीच मारायची. फरक म्हणजे आमच्याकडे कणीक आंबवत नाहीत, जाडसर दळलेली असते, घड्या घालताना मधे तेल लावतात, आणि फोडल्यावर त्यात तूप असं ओततात की डॉक्टरने बघू नये. सोबत वांग्याची भाजी आणि वरण. रोडगे करणं हा पुरुषांचा प्रांत, शेतात किंवा देवाच्या ठिकाणी, शंभर माणसांना. घरातल्या चुलीवर रोज कोण करतं!

तुमच्या त्या उभ्या करून भाजण्याचं मात्र अप्रूप वाटलं नाही. ज्वारीची भाकरी तव्यावर दोन्ही बाजूंनी टाकली की चुलीच्या तोंडाशी निखाऱ्यासमोर टेकवून उभीच करतात की. तशीच फुगते.

---

उंबरठ्याबाहेर

@वऱ्हाडी_ठेचा, अगदी! मी आमा-लेला हेच हातवारे करून सांगितलं, आणि मग तिने मला भाजायला बसू दिलं. त्याआधी मी नुसती थापायच्या कामावर होते. भाकरी येणाऱ्या बाईला खंबिर भाजायला अर्धा तासही शिकावं लागत नाही. थापायला लागतो.

---

खोडसाळ_खंडू

म्हणजे विमानाने लेहला जायचं, तिथून टॅक्सी करायची, आणि जाड भाकरी शिकून यायची. आमच्या मातोश्री घरबसल्या शिकवतील, फी निम्मी.

---

दादरचा_डबा

@खंडू, मातोश्रींचा पत्ता व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. जर्दाळू असतील तरच येऊ.

---

पेशवाईतली_पुरणपोळी

धागा आवडला, पण एक गोष्ट खटकली म्हणून लिहिते. राग मानू नका. आपण पर्यटक जातो, कुणाच्या तरी घरात घुसतो, त्यांच्या कामाच्या वेळात ‘मला शिकवा’ म्हणतो, आणि परत येऊन वर लेख लिहितो. त्या बाईला यातून काय मिळालं? हल्ली ‘स्थानिक अनुभव’ नावाखाली सगळीकडे हेच चाललंय. पैसे दिलेत का वेगळे? आणि दिले असतील तर मग तो क्लास झाला, घरोबा नाही. नसतील तर फुकटची मजुरी.

---

उंबरठ्याबाहेर

राग अजिबात नाही, प्रश्न रास्त आहे. राहण्या-जेवणाचे पैसे माणशी रोजचे ठरलेले होते, ते दिले. शिकवण्याचे वेगळे नाही दिले आणि तिने मागितले नाहीत. काम मात्र केलं. सकाळ-दुपार जर्दाळू फोडले, बिया वेगळ्या केल्या (त्यांच्या गराचं तेल काढतात, ते वेगळं प्रकरण आहे), छपरावर पालथे-उताणे केले. तिच्या दृष्टीने दोन जास्तीचे हात आले होते, आणि हे मी लाजून म्हणत नाही, तिनेच शेजारणीला तसं सांगितलं.

दुसरं, मी थालीपीठाची भाजणी नेली होती. कोथिंबीर त्यांच्या वाफ्यातली, कांदा त्यांचा. एका रात्री थालीपीठं लावली. सून पहिल्यांदा जरा साशंक होती, मग दह्याबरोबर तिने तीन खाल्ली आणि भाजणीत काय काय आहे ते लिहून घेतलं. ज्वारी-बाजरी तिथे कुठून मिळणार, म्हणून आम्ही दोघींनी बसून जवाचं आणि वाटाण्याचं पीठ धरून नवं प्रमाण काढलं. जव भाजून दळलेला त्यांच्याकडे असतोच, त्यावर तर सगळा लडाख पोसला आहे. तेव्हा शिकवणी एकतर्फी नव्हती.

पण तुमचा मुद्दा दुसऱ्या जागी बरोबर आहे. मोसमात मोठी टोळी उतरली आणि प्रत्येकाला चुलीपुढे फोटो हवा असला तर ते घर घर राहणार नाही.

---

हिमभूल

मी ट्रेकसाठी बऱ्याच वर्षांपासून तिकडे जातो, म्हणून थोडी भर. लडाखमधले होमस्टे आपोआप उगवलेले नाहीत. दोन हजारच्या दशकाच्या सुरुवातीला स्नो लेपर्ड कॉन्झर्व्हन्सी या संस्थेने हिमालयन होमस्टे म्हणून ही पद्धत काही गावांत उभी केली. हिमबिबट्या मेंढ्या मारतो, म्हणून लोक त्याला मारतात. त्याऐवजी बिबट्या बघायला आणि दऱ्या चालायला येणारे लोक घरात उतरले तर गावाला उत्पन्न मिळेल, असं गणित. पैसा बहुतांशी घरच्या बायकांच्या हाती जातो. काही गावांत पाहुणे पाळीने घराघरांत वाटून देतात, म्हणजे रस्त्यालगतच्या घरालाच सगळे मिळत नाहीत.

त्यामुळे @पुरणपोळी, ‘घुसणं’ हा शब्द मला जड वाटतो. ही त्यांची मिळकत आहे आणि त्यांचे नियम आहेत. आपण ते पाळावेत. एक अनुभवाचा सल्ला: तिथे काही दिलं की लगेच घ्यायचं नसतं आणि त्यांनीही आपण दिलेलं लगेच घेतलेलं नसतं. दोन-तीनदा नको नको म्हणायचं, मग घ्यायचं. नवखा माणूस पहिल्या ‘नको’वर पातेलं परत नेतो आणि समोरचा उपाशी राहतो.

---

पेशवाईतली_पुरणपोळी

हे माहीत नव्हतं. शब्द मागे घेते, शंका नाही घेत. पाळीची पद्धत मोडून सगळं बुकिंग फोनवरून व्हायला लागलं की काय होतं ते आपण कोकणात पाहिलंय.

(आणि ते नको-नको प्रकरण पुण्यात चालणार नाही, इथे पहिल्या नकोला चहा रद्द होतो.)

---

म्हापशेकर

छान लिहिलंय. आमच्या गोव्यात पाव शिकायला कुणाच्या घरी जाऊन उपयोग नाही, कारण घरात पाव करतच नाहीत. तो पोदेराचा, म्हणजे पाववाल्याचा धंदा. रात्री लाकडं घालून भट्टी तापवायची, पहाटे पाव काढायचे, सायकलवर टोपलं बांधून पों पों करत निघायचं. उंडे, कातरे पाव, काकणं आणि कोंडा लावलेली पोई. पूर्वी पीठ माडाच्या सुरेने आंबवायचे, आता बहुतेक ठिकाणी यीस्ट, कारण माडावर चढणारे रेंदेर राहिले नाहीत. माझ्या ओळखीच्या एका पोदेराकडे मी हौसेने रात्री बसलो होतो. पीठ मळून झालं तेव्हा मला झोप लागली होती आणि उठलो तेव्हा गिऱ्हाईकं उभी होती.

तुमचा पाव उरलेल्या विस्तवावर, आमचा बरोबर उलटा. भट्टी तापवायलाच एवढं जळण जातं की शेकड्यांनी पाव काढल्याशिवाय परवडत नाही. म्हणूनच गावात एकच भट्टी असते.

ते आंबवणाचं सांगा. तुम्ही म्हणता जुन्या कणकेचा गोळा. सगळीकडे तेच का?

---

उंबरठ्याबाहेर

@म्हापशेकर, नाही. त्याच घरात सून घाईच्या दिवशी पाकिटातलं यीस्ट वापरते. शेजारच्या घरात खायचा सोडा घालताना पाहिला. आमा-लेला सोड्याची चव आवडत नाही, एवढंच तिचं म्हणणं. अस्सल काय आणि नकली काय यावर तिथे कुणी वाद घातला नाही. जुना गोळा दर तीन-चार दिवसांनी भाजणाऱ्या घरातच टिकतो. महिन्यातून दोनदा करणाऱ्याने यीस्ट वापरावं.

---

श्टुटगार्टची_सई

मी इथे परदेशात, इंडक्शनवर. चूल नाही, गोवऱ्या तर नाहीतच. जमेल का? आणि प्रमाण द्या ना ताई, कधीची वाट बघतेय.

---

उंबरठ्याबाहेर

@सई, जमतं. घरी येऊन बरेचदा केलं, शेवटी हे हाताशी बसलं:

कणीक अर्धा किलो, मीठ एक चमचा, पाणी साधारण सव्वातीनशे मिली. जुन्या कणकेचा लिंबाएवढा गोळा, किंवा कोरडं यीस्ट अर्धा चमचा. पोळीपेक्षा घट्ट मळायची. पुण्यात मे महिन्यात तीन तासांत फुगते, थंडीत रात्रभर. दीडपट झाली की बास. याचे आठ गोळे. बोटभर जाड थापायच्या, कड आणि मध्य सारखा. फडक्याखाली अर्धा तास.

जाड बिडाचा किंवा लोखंडी तवा मध्यम आचेवर, तेल न लावता, दोन्ही बाजू दोन-दोन मिनिटं. मग आधी तापवलेल्या ओव्हनमध्ये २०० अंशांवर बारा ते पंधरा मिनिटं, मध्येच एकदा उलटायच्या. ट्रेवर नको, जाळीवर. हवा सगळीकडून लागली पाहिजे. गॅस असेल तर तव्यानंतर पापडाच्या जाळीवर बारीक आचेवर, सतत फिरवत, आणि शेवटी चिमट्यात धरून कडा भाजायच्या. राखेचा वास येणार नाही, तो विसरा.

काढल्यावर लगेच फोडू नका. फडक्यात गुंडाळून थंड होऊ द्या, नाहीतर आत चिकट लागतं आणि माणूस म्हणतो कच्चं राहिलं.

---

जात्यावरची_ओवी

पीठगिरणीचा आमचा घरचा धंदा, म्हणून पिठाबद्दल दोन शब्द. चक्कीवर दळलेली कणीक आणि परदेशात मिळणारं गव्हाचं पीठ यात फरक असतो. दगडी चक्कीत दाणा जोराने घासला जातो, त्यात पिठातला स्टार्च फुटतो, आणि फुटलेला स्टार्च जास्त पाणी पितो. म्हणून सईताई, तुमच्याकडचं पीठ वापरलंत तर पाणी तीनशेच्याही खाली ठेवून बघा, मग वाढवा. फुटलेल्या स्टार्चचा आणखी एक परिणाम म्हणजे आंबण्याचा वेग. चक्कीच्या पिठात यीस्टला खायला साखर लवकर मिळते, म्हणून कणीक झपाट्याने फुगते आणि तितक्याच झपाट्याने बसते. दीडपटीवर थांबा हा आमा-लेंचा नियम इथे बरोबर लागू पडतो.

गहू कुठला? लोकवन चालेल. खपली घेऊ नका. चवीला सुंदर, पण त्याच्या कणकेला ताण नसतो, वायू धरून ठेवत नाही. चकती पसरेल. अर्धी खपली अर्धा लोकवन करून बघायला हरकत नाही.

@उंबरठ्याबाहेर, तिकडे पाणचक्क्या आहेत असं ऐकलंय, पाहिली का?

---

उंबरठ्याबाहेर

पाहिली, पण चालू नव्हती. रांतक म्हणतात. ओढ्याचं पाणी लाकडी पन्हळीतून खाली आडव्या चाकावर पडतं, चाक फिरलं की त्याच दांड्यावरचा वरचा दगड फिरतो, मध्ये दातेरी चक्र वगैरे काही नाही. दाणे टोपलीतून हळूहळू पडतात. उन्हाळ्यात पाणी आधी शेतांना. दळण्याचे दिवस कापणीनंतर, ओढे गोठायच्या आत. आमा-ले म्हणाली की जवाचं पीठ अजून रांतकावरच बरं लागतं. आम्ही होतो तेव्हा गहू शेतात पिवळा पडत होता, घरात मात्र बाजाराची गोणी उघडलेली होती. स्वतःचा गहू वर्षभर पुरत नाही.

---

सह्याद्रीचा_सखा

उंचीचा काही परिणाम? मी लेहला मॅगी केली तर वेळ दुप्पट लागला.

---

हिमभूल

पाणी लवकर उकळतं ना. तेमिसगामच्या उंचीवर साधारण ८९ अंशांना उकळी येते, त्यामुळे पाण्यात शिजणारं सगळं रखडतं. डाळ कुकरशिवाय शिजत नाही. पण तव्यावर आणि निखाऱ्यावर भाजण्याला पाण्याची उकळी आडवी येत नाही, तवा हवा तेवढा तापतो. मला वाटतं तिथल्या खाण्यात भाजणं एवढं का आहे याचं हे एक कारण असावं. जवसुद्धा आधी भाजून मग दळतात, मग त्या पिठात नुसता चहा ओतला की खोलक झालं, शिजवायला काही उरतच नाही.

कणकेचं म्हणाल तर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या दोन-तृतीयांश, म्हणजे आतला वायू जास्त पसरतो, फुगायला मदतच. थंडी त्याला आवरते.

---

उंबरठ्याबाहेर

@हिमभूल, हा विचार माझ्या डोक्यात आला नव्हता, पण पटतो. मी जळणावरच अडकले होते. कोरडेपणाही धरा. भिजवलेल्या कणकेवर मी फडकं टाकायला जरा उशीर केला की साय धरल्यासारखी वर खपली यायची.

---

श्टुटगार्टची_सई

आज केली! ओव्हनमधली. पाणी २९० मिलीला थांबले, @जात्यावरची_ओवी यांचे आभार. वरून मस्त कडक, आत दाट. नवऱ्याला वाटलं राय ब्रेड बिघडला. माझ्या दोन चकत्या मात्र पुरीसारख्या टम्म फुगून पोकळ झाल्या. का?

---

जात्यावरची_ओवी

पातळ थापल्या असतील, किंवा तवा फार तापला. दोन्ही बाजूंची कातडी चटकन धरली की आतल्या वाफेला जागा नाही, ती दोन पापुद्रे करते. आच कमी करा. ती बाजारात मिळते ती पोकळ फुगलेली रोटी वेगळी, ही भरीव हवी.

---

उंबरठ्याबाहेर

ओवीताई बरोबर सांगतायत. शिवाय थापल्यावरचा अर्धा तास चुकवू नकोस. पोकळ झालेल्या टाकू नकोस, त्यात बटाट्याची सुकी भाजी भर.

---

म्हापशेकर

गुरगुर चहाचं पण लिहा की. तो लाकडी नळकांड्यात घुसळतात ना?

---

उंबरठ्याबाहेर

पूर्वी. ते नळकांडं कोपऱ्यात उभं होतं, आबी-ले सणाला काढते. रोज मिक्सरमध्ये. चहाचा काढा, मीठ, लोणी, थोडं दूध, आणि बटण दाबलं की गुरगुर. वीज नसेल त्या दिवशी पुन्हा नळकांडं. चवीबद्दल मतभेद होतील. पहिल्या घोटाला चहा म्हणून प्यालात तर फसाल, सार समजून प्या. आणि वाटी रिकामी करायची नाही, केली की लगेच भरली जाते. निघायच्या वेळी शेवटची संपवायची.

---

खोडसाळ_खंडू

मातोश्रींना धागा वाचून दाखवला. म्हणाल्या, कणीक आंबवून निखाऱ्यावर? उद्या करते. आमच्या इमारतीत निखारे कुठून आणायचे ते सांगा, गच्चीवर शेगडी पेटवली तर सेक्रेटरी नोटीस लावतो.

---

वऱ्हाडी_ठेचा

@खंडू, सेक्रेटरीला पहिली चकती द्या, तूप लावून.

---

उंबरठ्याबाहेर

मातीची शेगडी आणि लाकडी कोळसा असेल तर उत्तमच, कोळशाला वरून पांढरी राख धरू द्या आणि मगच चकत्या उभ्या करा. ज्वाळा दिसत असताना ठेवल्या तर बाहेरून करपतात. मातोश्रींना नमस्कार सांगा, आणि कशा झाल्या ते इथेच लिहा. त्यांना म्हणावं भाकरीपेक्षा आच कमी ठेवा, वेळ तिप्पट लागतो.